कांग सू-यन : एका चेहऱ्यावरचा हक्क

(वसंत व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा लिखित पाठ)



'कोरियन अभिनेत्री' हा विषय वाचून आज तरुण मुलामुलींनी सभागृह भरलं आहे, याचा मला मनापासून आनंद आहे. कोरियन मालिका तुम्ही बघता, त्यांतले चेहरे नावानिशी ओळखता. मी मात्र आज ज्यांच्याविषयी बोलणार आहे, त्यांचं नाव तुमच्यापैकी फार थोड्यांनी ऐकलं असेल. कांग सू-यन. कोरियात आडनाव आधी येतं, म्हणजे कांग हे आडनाव. जन्म सोलमध्ये, १८ ऑगस्ट १९६६ रोजी. मृत्यूही सोलमध्येच, ७ मे २०२२ रोजी, वयाच्या ५५ व्या वर्षी. शाळेत जाण्याआधीच त्या बालकलाकार म्हणून दूरचित्रवाणीवर आल्या आणि त्यांचा अखेरचा चित्रपट त्यांच्या मृत्यूनंतर आठ महिन्यांनी जगाने पाहिला.

या कारकिर्दीची ओळख करून देताना कोरियन वर्तमानपत्रं एकच शब्द वापरत आली आहेत : 'वर्ल्डस्टार'. तो शब्द त्यांना वयाच्या २१ व्या वर्षी चिकटला आणि मृत्यूच्या बातमीपर्यंत सुटला नाही. या शब्दामागे काय होतं ते मला आज सांगायचं आहे. एखाद्या कलावंताला बाहेर मान मिळाला की देश तो आपल्या खात्यावर जमा करून घेतो आणि मग आयुष्यभर त्या कलावंताकडूनच व्याज मागत राहतो. कांग सू-यन यांच्याकडून असं व्याज ३५ वर्षं मागितलं गेलं. आणि नवल असं की, त्यांच्या महत्त्वाच्या भूमिकांमध्येही पुन्हा पुन्हा हाच प्रश्न येतो : बाईच्या शरीरावर, चेहऱ्यावर, नावावर हक्क कुणाचा?

सुरुवात १९८७ पासून करू या. दक्षिण कोरियाच्या इतिहासात या सालाचं फार मोठं स्थान आहे. जानेवारीत पोलिसांच्या छळात एका विद्यार्थ्याचा मृत्यू झाला. ती बातमी दडपता आली नाही, आणि जूनमध्ये लाखो माणसं रस्त्यावर उतरली. २९ जूनला चुन दू-ह्वान यांच्या लष्करी राजवटीला माघार घेऊन थेट राष्ट्राध्यक्ष निवडणुकीचं आश्वासन द्यावं लागलं. पुढच्या वर्षी सोलमध्ये ऑलिंपिक व्हायचं होतं. आपण जगाला कसे दिसतो, या एकाच चिंतेने तो देश तेव्हा पछाडलेला होता. अशा वेळी, सप्टेंबरच्या सुरुवातीला, व्हेनिसहून बातमी आली की ४४ व्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा 'वोल्पी कप' कांग सू-यन यांना मिळाला. लुई मालच्या 'ओ रव्हॉर ले झाँफाँ'ने सुवर्णसिंह जिंकला तेच हे वर्ष. युरोपातल्या पहिल्या श्रेणीच्या महोत्सवात अभिनयाचा पुरस्कार मिळवणारी ही पहिली कोरियन अभिनेत्री. कान महोत्सवात जन दो-यन यांना तसा पुरस्कार मिळायला त्यानंतर २० वर्षं जावी लागली, आणि यून यो-जंग यांच्या ऑस्करला ३४. यावरून त्या बातमीचं वजन लक्षात यावं.

चित्रपट होता 'सिबाजी'. दिग्दर्शक इम क्वोन-तेक. हे नाव गोव्यातल्या आणि इथल्या चित्रपटरसिकांना परकं नाही. २०१६ च्या गोव्यातल्या इफ्फीमध्ये कोरियन चित्रपटांचा खास विभाग होता आणि त्या वर्षीचा जीवनगौरव पुरस्कार इमसाहेबांना दिला गेला. कोरियन युद्धाच्या काळात बुसानमध्ये पडेल ते काम करणारा हा मुलगा १९६२ साली दिग्दर्शक झाला. पहिल्या दहा वर्षांत त्यांनी पन्नासच्या आसपास चित्रपट भराभर काढले. पुढे त्या कामाचं त्यांनाच समाधान वाटेना, आणि ते आपल्या देशाच्या जुन्या जगण्याकडे वळले. १९८१ चा 'मांदाला' हा त्या वळणावरचा ठळक चित्रपट. 'सिबाजी' त्याच वाटेवरचा.

कथा चोसन राजवटीच्या काळातली आहे. सिबाजी म्हणजे बीज धारण करणारी बाई. मोठ्या घराण्यात वारस नसेल, सुनेला मूल होत नसेल, तर गुपचूप अशी बाई आणायची, तिच्याकडून मुलगा घ्यायचा आणि मोबदला देऊन तिला परत पाठवायचं. मुलगा झाला तर तो घराण्याचा. मुलगी झाली तर ती आईबरोबर परत दरीतल्या वस्तीत. तिथेच ती वाढणार आणि पुढे कदाचित हेच काम करणार. ओक-न्यो ही अशीच एक मुलगी. तिच्या आईनेही कधीकाळी हेच केलं आहे. म्हणजे एखाद्या घराण्याने नाकारलेली लेक मोठी होते आणि दुसऱ्या घराण्याला वारस पुरवायला जाते.

आता अभिनयाकडे या. व्हेनिसच्या परीक्षकांनी काय पाहिलं असेल याचा मी पुष्कळ विचार केला आहे. हुंदक्यांच्या प्रसंगांत पुरस्कार असतो अशी आपली समजूत असते. माझ्या मते ही भूमिका चित्रपटाच्या पहिल्या भागातच जिंकली गेली आहे. ओक-न्यो तिथे धावते, भांडते, खिदळते, वाटेल ते खाते, वाड्यातल्या रीतीभाती तिला गुदमरवतात. चित्रीकरणाच्या वेळी कांग सू-यन जेमतेम २० वर्षांच्या होत्या. त्यांनी या मुलीला बिचारी केलं नाही. तिला स्वतःच्या शरीराचं कुतूहल आहे, घरधन्याचं तिला आकर्षण वाटतं, आणि यातून तिची एक भलतीच समजूत होते : या माणसाचं माझ्यावर प्रेम आहे, म्हणजे या घरात माझं काहीतरी आहे. इतर सगळ्यांना व्यवहार माहीत आहे. तिची आई तर तो भोगून बसली आहे. एकट्या ओक-न्योला तो कळत नाही, आणि त्या न कळण्यातला आनंद कांग सू-यन इतका खरा दाखवतात की पुढचं सगळं बघणं कठीण होतं.

मुलगाच व्हावा म्हणून तिच्याकडून नाना विधी करून घेतले जातात. चंद्राचं तेज श्वासातून पोटात घ्यायला लावतात. मग बाळंतपण येतं. एका खोलीत ओक-न्यो कळा देते आहे आणि दुसरीकडे घरची सून, साऱ्या गावाला खरं वाटावं म्हणून, कळांचं सोंग करते आहे. मूल जन्मतं आणि तिच्या हाती न देताच उचललं जातं. या प्रसंगात कॅमेरा ओक-न्योच्या चेहऱ्याजवळ थांबतो. वेदना संपून चेहऱ्यावर शोध सुरू होतो, ती मान वळवून आवाजाच्या दिशेने बघते, आणि आपल्याला काहीही मिळणार नाही हे हळूहळू तिच्या डोळ्यांत उतरतं. अखेरीस ती गळफास घेते. पितरांचं श्राद्ध करायला वारस हवा, म्हणून हा सगळा खटाटोप. मेलेल्यांची सोय लावण्यासाठी एक जिवंत मुलगी खर्ची पडते. इमसाहेबांनी हे इतक्या सरळ दाखवलं आहे की वेगळं भाष्य लागत नाही.

पण इथे एक गोष्ट सांगायलाच हवी. ऐंशीच्या दशकात कोरियन सरकारने राजकारणावर कात्री आणि शृंगारावर सूट असं धोरण ठेवलं होतं. १९८२ च्या 'एमा बुइन'नंतर शृंगारपटांचं पेव फुटलं. जुन्या काळाचा पोशाख चढवून तोच माल विकणारे चित्रपटही निघाले. 'सिबाजी'तले काही प्रसंग या हवेतून सुटलेले नाहीत. बाईच्या शरीराच्या वापराविरुद्ध बोलणारा हा चित्रपट अधूनमधून स्वतःच त्या शरीराकडे गिऱ्हाइकाच्या नजरेने बघतो, असं मला प्रत्येक वेळी जाणवलं आहे. त्या फ्रेममध्येही कांग सू-यन यांचा चेहरा मात्र ओक-न्योचाच राहतो. म्हणूनच चित्रपट कुठे कुठे घसरला तरी ती भूमिका घसरत नाही.

व्हेनिसनंतर देशाने त्यांना डोक्यावर घेतलं. त्याच वर्षी 'मिमी आणि चोल्सूचं तारुण्यचित्र' हा त्यांचा महाविद्यालयीन प्रेमाचा हलकाफुलका चित्रपटही तुफान चालला होता. म्हणजे एकीकडे तिकीटखिडकीची लाडकी नायिका आणि दुसरीकडे देशाची शान. दोन्ही बाजूंनी मागणी एकच होती : आहेस तशीच राहा.

त्यावर त्यांनी डोक्याचे केस उतरवले. इम क्वोन-तेक यांचा 'आजे आजे बारा आजे' १९८९ साली आला. त्यात त्या भिक्खुणी झाल्या आणि चित्रीकरणात कॅमेऱ्यासमोर खरोखर मुंडण केलं. हे शीर्षक प्रज्ञापारमिता हृदयसूत्राच्या शेवटच्या मंत्राचं कोरियन रूप आहे. आपल्याकडे तो 'गते गते पारगते' असा म्हणतात. मूळ कादंबरी हान सुंग-वोन यांची. २०२४ चं साहित्याचं नोबेल मिळालेल्या हान कांग यांचे हे वडील.

या मुंडणाला एक पूर्वेतिहास होता. १९८४ मध्ये इमसाहेबांनी भिक्खुणीच्या आयुष्यावर 'बिगुनी' नावाचा चित्रपट सुरू केला होता. त्याही वेळी नायिका किम जी-मी यांनी केस उतरवले होते. बौद्ध संघाकडून जोरदार विरोध झाला आणि तो चित्रपट अर्धवट बंद पडला. पाच वर्षांनी तोच दिग्दर्शक, तोच निर्माता पुन्हा त्याच विषयाकडे आला, आणि या वेळी चित्रपट पूर्ण झाला.

सून-न्यो नावाची तरुणी घर सोडून विहारात येते. जीव द्यायला निघालेल्या एका माणसाला ती वाचवते, तो तिचा पिच्छा सोडत नाही आणि शेवटी विहार तिला बाहेर काढतो. मग ती संसारात फेकली जाते. त्या माणसाबरोबर खाणीच्या गावात राहते, तो खाणीत मरतो, पुढे ती बेटावर परिचारिका होते, आणखी पुरुष आयुष्यात येतात. तिच्या समोर दुसरी एक भिक्खुणी आहे. ती कडक साधनेची, विहाराच्या नियमांत राहणारी. मुक्ती कुणाची खरी, हा चित्रपटाचा प्रश्न. सून-न्यो अखेर विहारात राहत नाही, माणसांत परत जाते.

ओक-न्योच्या शरीराचा निर्णय घराण्याने घेतला होता. सून-न्योच्या आयुष्याचे निर्णय पुष्कळदा पुरुष घेतात, कधी विहार घेतो, पण ती प्रत्येक वेळी आपल्या पायांनी चालत पुढे जाते. कांग सू-यन यांनी तिला एक विलक्षण शांतपणा दिला आहे. सून-न्यो शरीर देते तेव्हा तिच्या चेहऱ्यावर त्यागाचा देखावा नसतो, अपराधही नसतो. तहानलेल्याला पाणी द्यावं इतक्या साधेपणाने ती वागते. २२ वर्षांच्या मुलीला हे कसं उमगलं, याचं उत्तर मला आजवर सापडलेलं नाही.

या भूमिकेसाठी जुलै १९८९ मध्ये मॉस्को महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. लक्षात घ्या, दक्षिण कोरिया आणि सोव्हिएत संघ यांच्यात तेव्हा राजनैतिक संबंधच नव्हते. ते ३० सप्टेंबर १९९० रोजी प्रस्थापित झाले. दूतावास उघडण्याआधी वर्षभर एका कोरियन अभिनेत्रीचं कौतुक मॉस्कोत होऊन गेलं होतं.

इथपर्यंतची कहाणी कोरियात सगळे सांगतात. मला पुढची अधिक मोलाची वाटते, आणि तिच्याकडे दुर्लक्ष होतं. दोन आंतरराष्ट्रीय पुरस्कार जुन्या जगातल्या बायांच्या भूमिकांना मिळाले होते. परदेशी महोत्सवांना कोरियाकडून वाडे, विहार आणि सोसणाऱ्या स्त्रिया हव्या होत्या. कांग सू-यन यांना त्याच साच्यात पुढची पंधरा वर्षं सुखाने काढता आली असती. त्यांनी नव्वदच्या दशकात नव्या दिग्दर्शकांचे हात धरले आणि सोलच्या आजच्या बाईकडे वळल्या.

१९९१ चा जांग सन-ऊ यांचा 'रेसकोर्सची वाट' घ्या. फ्रान्सहून डॉक्टरेट घेऊन परतलेला 'आर' आणि त्याच्या मदतीने प्रबंध पुरा करून आधीच परतलेली 'जे'. पात्रांना नावंच नाहीत, अक्षरं आहेत. परदेशात ते एकत्र राहत होते. आता त्याला जुनं नातं हवं आहे, तिला नको आहे. अडीच तासांच्या आसपास हा चित्रपट हॉटेलच्या खोल्यांत आणि चहाच्या टेबलांवर त्यांची घासाघीस दाखवतो. तो हक्क मागतो, ती टाळते, उद्यावर ढकलते, कधी गप्प बसते, कधी खोटं बोलते. प्रेक्षकाने तिच्यावर लोभ करावा असं कांग सू-यन काहीही करत नाहीत. देशाच्या लाडक्या नायिकेने इतकी टाळाटाळ करणारी, इतकी अप्रिय बाई उभी करायला मोठं धाडस लागतं. त्यांच्या सगळ्या कामात मला ही भूमिका सर्वांत धीट वाटते, 'सिबाजी'पेक्षाही.

त्याच वर्षी पार्क क्वांग-सू यांच्या 'बर्लिन रिपोर्ट'मध्ये त्या युरोपात दत्तक गेलेली कोरियन मुलगी झाल्या. १९९२ च्या 'तुझ्यातला निळा'ची सुरुवात स्वतःचं लग्न सोडून निघालेल्या नवरीपासून होते आणि संसार की काम या पेचातून ती नायिका जाते. १९९५ मध्ये गोंग जी-यंग यांच्या गाजलेल्या कादंबरीवरचा चित्रपट आला, तीन मैत्रिणींच्या लग्नांची आणि मोडलेल्या आशांची कथा. त्याचं शीर्षक, गेंड्याच्या शिंगासारखं एकट्याने चालत जाण्याचं, पाली सुत्तनिपातातून आलेलं आहे. तिघींपैकी घटस्फोटित लेखिकेचं काम कांग सू-यन यांचं. १९९६ मध्ये घटना न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी घटनाबाह्य ठरवली, आणि दोनच वर्षांनी इम सांग-सू यांच्या पहिल्या चित्रपटात कांग सू-यन आणखी दोघींबरोबर जेवणाच्या टेबलाशी बसून स्त्रियांच्या लैंगिक इच्छेविषयी मोकळेपणाने बोलताना दिसल्या. इम क्वोन-तेक आणि इम सांग-सू यांचं नातं नाही, आडनाव तेवढं सारखं. दहा वर्षांपूर्वी ज्या पडद्यावर बाईचं शरीर फक्त दाखवलं जात होतं, तिथे आता बाई स्वतः त्याविषयी बोलत होती. आणि ही दोन्ही कामं एकाच अभिनेत्रीने केली होती.

पडद्याबाहेरचं एक मोठं प्रकरण याच काळातलं. १९८८ पासून अमेरिकन कंपन्यांना कोरियात थेट चित्रपट वितरित करता येऊ लागले. कोरियन चित्रपटांचा बाजारातला वाटा घसरत घसरत १९९३ मध्ये सुमारे १६ टक्क्यांवर आला. प्रत्येक चित्रपटगृहाने वर्षात १४६ दिवस कोरियन चित्रपट दाखवलेच पाहिजेत, हा कोटा तेवढा आधार होता. १९९८-९९ मध्ये अमेरिकेशी गुंतवणूक करार होऊ घातला आणि कोट्यावर गदा आली. तेव्हा कलावंत रस्त्यावर उतरले, अनेकांनी निषेध म्हणून मुंडण केलं. कांग सू-यन या आंदोलनात पुढच्या रांगेत होत्या. पुढे २००६ मध्ये कोटा ७३ दिवसांवर आला खरा, पण आज आपण ज्या कोरियन चित्रपटाचं कौतुक करतो त्याची मुळं ज्या वर्षांत रुजली, त्या वर्षांत तो आधार टिकला, हे विसरता येत नाही.

दूरचित्रवाणीविषयी थोडक्यात. २००१-०२ मध्ये 'यॉइन चोन्हा' या ऐतिहासिक मालिकेत हलक्या कुळात जन्मून राजदरबारापर्यंत पोचलेल्या जंग नान-जंगची भूमिका त्यांनी केली. १५० भाग. घरोघरी त्या पुन्हा माहीत झाल्या. नंतर भूमिका कमी होत गेल्या. कोरियन उद्योगात चाळिशीच्या अभिनेत्रीसाठी तेव्हा फारसं काही लिहिलं जात नव्हतं, आणि मिळेल ती आईची भूमिका घ्यायला त्या तयार नव्हत्या. २०११ मध्ये इमसाहेबांच्या १०१ व्या चित्रपटात, 'हांजी' या हातकागदावरच्या कथेत, त्या माहितीपटकार झाल्या. कोरियन चित्रपटसृष्टीत त्यांच्याविषयी एक गोष्ट सांगतात. पैसा नसेल आपल्याकडे, पण रुबाब नाही की काय, असं त्या तंत्रज्ञांच्या बैठकीत म्हणायच्या. दिग्दर्शक र्यू सुंग-वान यांनी ते लक्षात ठेवलं आणि २०१५ च्या 'व्हेटरन'मध्ये एका पोलिसाच्या तोंडी घातलं. आता तो संवाद कोरियात कुणीही म्हणतो.

आता बुसान. हा भाग सांगताना मन जड होतं. १९९६ मध्ये सुरू झालेला बुसान महोत्सव आशियातला सर्वांत महत्त्वाचा महोत्सव झाला, आणि कांग सू-यन सुरुवातीच्या वर्षांपासून त्याच्याशी जोडलेल्या होत्या. एप्रिल २०१४ मध्ये सेवोल नावाची फेरीबोट बुडाली. ३०४ माणसं गेली, त्यांत बहुसंख्य शाळकरी मुलं होती. बचावकार्यातल्या हलगर्जीपणावरचा माहितीपट त्या वर्षीच्या महोत्सवात होता. तो दाखवू नका, असं बुसानच्या महापौरांनी सांगितलं. महोत्सवाने तो दाखवला. मग अनुदान घटलं, चौकश्या लागल्या, संचालक ली योंग-क्वान यांच्यावर खटला झाला. २०१५ मध्ये कांग सू-यन सहसंचालक झाल्या, पुढे ली बाहेर पडल्यावर त्या एकट्या संचालक राहिल्या. २०१६ मध्ये अनेक चित्रपट संघटनांनी बहिष्कार घातला, तरी महोत्सव झाला. २०१७ मध्ये खुद्द कर्मचाऱ्यांनी त्यांच्या कारभारावर जाहीर टीका केली आणि ली यांना परत आणा अशी मागणी केली. त्यांनी अध्यक्ष किम दोंग-हो यांच्यासह त्या वर्षीच्या महोत्सवानंतर पद सोडलं.

त्यांच्या कारभारावरची टीका निराधार होती असं मी म्हणणार नाही. कर्मचारी आतून बघत होते. पण एक पाहा. सरकार आणि शहर एका बाजूला, संतापलेले सहकारी दुसऱ्या बाजूला, आणि मध्ये उभं राहायला सर्वांना हवा होता तो एक प्रसिद्ध चेहरा. 'वर्ल्डस्टार' आहे, तिला पुढे करा. महोत्सव बंद पडू नये म्हणून त्यांनी ते ओझं घेतलं. माझ्या दृष्टीने १९८७ च्या पुरस्कारावरचं हे सर्वांत महाग व्याज होतं.

त्यानंतर काही वर्षं त्या पडद्यावर जवळजवळ दिसल्याच नाहीत. मग 'ट्रेन टू बुसान'चे दिग्दर्शक यन सांग-हो यांच्याकडून विचारणा आली. यन यांच्या हातात एक विज्ञानकथा होती, पण तिला सूर सापडत नव्हता. कांग सू-यन यांचं नाव सुचलं तेव्हा हा चित्रपट करायचाच असं यन यांनी ठरवलं. चित्रपट 'जंग-ई'. भविष्यकाळात एक दंतकथा झालेली लढवय्यी स्त्री आहे. तिच्या मेंदूची प्रत काढून एक कंपनी यंत्रमानव बनवते, आणि पुन्हा पुन्हा लढाईत मारून चाचण्या घेते. त्या प्रयोगशाळेची प्रमुख शास्त्रज्ञ म्हणजे त्या स्त्रीची मुलगी. लहानपणी तिच्याच उपचारांच्या खर्चासाठी आई लढत होती. आता मुलगी आईपेक्षा वयाने मोठी आहे आणि रोज काचेपलीकडे आईला मरताना बघते.

ओक-न्योची आई आठवते? तिनेही आपलं शरीर देऊन पोट भरलं होतं, आणि तिची मुलगी त्याच वाटेने गेली. इथे घराण्याच्या जागी कंपनी आहे, वारसाच्या जागी शस्त्र, आणि आईचा देह विकायला काढलेला. या वेळी मुलगी ती साखळी तोडते. कंपनीची मालकी नाकारून ती आईच्या प्रतीला पळवून लावते, स्वतः मागे राहून. दिग्दर्शकाच्या मनात 'सिबाजी' होता की नाही हे महत्त्वाचं नाही. पहिल्या मोठ्या भूमिकेत जिचं मूल हिरावलं गेलं, त्या अभिनेत्रीने अखेरच्या भूमिकेत आपल्या आईला सोडवलं. चित्रपट म्हणून 'जंग-ई' सामान्य आहे, त्याची मारामारी मला लवकर विसरायला झाली. कांग सू-यन यांचं काम राहतं. बहुतेक वेळ त्या पडदे आणि आकडे बघत उभ्या असतात, आवाज खाली, चेहरा आवळलेला. ३६ वर्षांपूर्वीचा तो आवाजाच्या दिशेने वळलेला चेहरा इथे नजर वळवायचीच नाही असं ठरवून उभा आहे.

चित्रीकरण झालं, चित्रपट मात्र त्यांनी पाहिला नाही. ५ मे २०२२ रोजी त्या घरी कोसळल्या. मेंदूत रक्तस्राव झाला होता. दोन दिवसांनी त्या गेल्या. अंत्यविधी सगळ्या चित्रपटसृष्टीने मिळून केला, समितीचे अध्यक्ष किम दोंग-हो होते. ११ मे रोजी यू जी-ते यांनी सूत्रसंचालन केलं, मून सो-री, सोल क्यंग-गू आणि यन सांग-हो बोलले. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस सोल क्यंग-गू चित्रपटात नवखे होते. तेव्हा त्यांच्याबरोबर काम करताना कांग सू-यन यांनी त्यांना कॅमेऱ्यासमोरचं काम शिकवलं, हे त्यांनी त्या दिवशी सर्वांसमोर सांगितलं. 'जंग-ई' २० जानेवारी २०२३ रोजी नेटफ्लिक्सवर आला.

शेवटी तरुण मंडळींसाठी. नेटफ्लिक्सवर 'जंग-ई' आहेच, पण तिथून सुरुवात करू नका. कोरियन फिल्म आर्काइव्हने जुने चित्रपट इंग्रजी उपशीर्षकांसह यूट्यूबवर मोफत ठेवले आहेत, इम क्वोन-तेक यांचे अनेक चित्रपट त्यांत आहेत. आधी 'सिबाजी' बघा. मग 'आजे आजे बारा आजे'. त्यानंतर काही दिवस जाऊ द्या आणि मिळाला तर 'रेसकोर्सची वाट' बघा. त्यातली 'जे' तुम्हांला आवडणार नाही, तरी चित्रपट पुरा बघा. 'जंग-ई' सर्वांत शेवटी लावा, आणि मारामारीच्या वेळी पडद्याच्या कडेला उभ्या असलेल्या त्या शास्त्रज्ञ बाईंकडे लक्ष ठेवा.